चौदा महिने न पोचलेली चार्जशीट

“हा नववा अर्ज हाय मॅडम. आधीच्या आठांचं उत्तर नाय आलं,” असं म्हणत खरातांनी कागद माझ्या टेबलावर ठेवला.

छत्रपती संभाजीनगरच्या त्या कार्यालयात अधीक्षक म्हणून येऊन मला आठवडाही झाला नव्हता. कार्यालयाचं नाव लिहीत नाही, माणसाचं बदललंय. खरात भूकरमापक, म्हणजे शेताची सरकारी मोजणी करणारे. चौदा महिन्यांपासून निलंबित. वैजापूरला आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन होतं, तिथं जायची परवानगी हवी होती. निलंबित माणसाला काम नसतं, पण ऑर्डरमध्ये ठरवून दिलेलं मुख्यालय विचारल्याशिवाय सोडता येत नाही. खरातांचं मुख्यालय संभाजीनगर. शहरातच, चिकलठाण्याला खोली करून राहत होते.

अर्जावर कार्यालयप्रमुख साहेबांची सही मी तासाभरात आणून दिली. मग खरातांना बसवलं आणि विचारलं, “आरोप काय आहे?”

“एका मोजणीत शेजारच्या शेतकऱ्याला नोटीस न पोचवताच हद्द दाखवली, असा. नोटीस मी काढली होती. कोतवालाकडं दिली होती. त्यानं पोचवली का नाय, ते बघायचं राहिलं. चुकलंच ते. पण चौकशी तर लावा. मला अजून चार्जशीटच नाय मिळाली.”

चार्जशीट म्हणजे दोषारोपपत्र. आरोप काय, पुरावा काय, हे लेखी सांगणारा कागद. तो हातात पडल्याशिवाय चौकशी पुढं सरकत नाही. नव्वद दिवसांत तो दिला नाही, तर निलंबन मागं घ्यायचं, असं शासनाचंच सांगणं आहे.

पण निलंबनांच्या आढावा समितीकडं साहेबांच्या सहीनं दर तीन महिन्यांनी जाणाऱ्या तक्त्यात खरातांच्या नावापुढं ‘बजावले’ असं लिहिलेलं. मी फाइल काढली. चार्जशीटची प्रत होती, जावक क्रमांक होता, पोचपावती नव्हती. दोन दिवस शोधल्यावर परत आलेल्या टपालाच्या गठ्ठ्यात लिफाफा सापडला. बंदच. पत्ता वैजापूरचा. पोस्टमनचा शेरा: या पत्त्यावर राहत नाहीत.

राहतील कसे? आम्हीच त्यांना इथं आणून बसवलं होतं. आणि आठही अर्जांवर चिकलठाण्याचा पत्ता, स्वच्छ अक्षरात.

लिफाफा साहेबांपुढं ठेवला. माणूस वाईट नव्हता, घाबरला होता.

“आजच बोलवा त्याला. सही घ्या. तारीख मागची टाका.”

“सर, ते मी करणार नाही.”

“समितीपुढं मी खोटा पडेन, मॅडम.”

“आत्ता चूक ठरेल. मागची तारीख टाकली तर गुन्हा ठरेल. लिफाफ्यावर पोस्टाचे शिक्के आहेत, सर.”

बावीस वर्षं आस्थापना शाखेत काढली होती. कागद कुठं पकडला जातो, ते मला ठाऊक होतं.

साहेबांनी लिफाफा उलटून शिक्के पाहिले. मग मी म्हणाले, “नोटीस पोचली का, ते पाहिलं नाही म्हणून आपण खरातांना निलंबित केलं. आपणही पाहिलेलं नाही.”

त्यांनी पोस्टमनचा शेरा पुन्हा वाचला. “टिपणी लिहा,” म्हणाले. “घडलं तसंच लिहा. सही करतो.”

समितीची पुढची बैठक दहा दिवसांनी होती. निलंबन मागं घेतलं गेलं. खरातांना दुसऱ्या तालुक्यात, मोजणीशी संबंध नसलेल्या टेबलावर नेमलं. ऑर्डर आणि चार्जशीट, दोन्ही मी त्यांच्या हातात दिली. त्यांनी उभ्यानंच वाचली.

“चौकशी मिटली का मग?”

“नाही. आता सुरू होईल.”

“होऊ द्या. लई वाट बघितली तिची.”

पाच महिन्यांत चौकशी संपली. हलगर्जीपणा सिद्ध झाला, ठपक्याची शिक्षा झाली. खरातांनी अपील केलं नाही.

माणूस घरी बसवला की चौकशीची घाई त्याच्याशिवाय कुणालाच राहत नाही. म्हणून निलंबनाची फाइल आली की मी आधी आरोप वाचत नाही. किती दिवस झाले, ते मोजते.