निरीक्षण क्रमांक एकेचाळीस

मानसशास्त्र विभागाच्या ग्रंथालयात ग्रंथपाल म्हणून बसलं की पुस्तकांपेक्षा किस्सेच जास्त जमा होतात. पुस्तकं निदान बाहेर तरी जातात! आमच्याकडच्या बहुतेक किश्श्यांचे नायक एकच, विभागप्रमुख. त्यांना सगळे नुसतं 'सर' म्हणतात. सरांचा स्वतःचा एक सिद्धांत आहे: ओळखीचं कुणी बघत असेल, तर माणूस नियम मोडत नाही. या सिद्धांतात न बसणारा माणूस आमच्या विभागात जन्मालाच येत नाही.

*

स्टाफरूममधली बिस्किटं भराभर संपायची. नियम होता, माणशी दोन. सरांनी डब्यावर स्वतःचा फोटो चिकटवला. दुपारपर्यंत डबा रिकामा!

"फोटो जुना आहे. ओळखूच येत नाही," सर म्हणाले.

नवा फोटो लावला. डबा पुन्हा रिकामा.

"म्हणजे चोर बाहेरचा आहे!"

सिद्धांताला ओरखडाही नाही. बिस्किटं आणणं तेवढं बंद झालं.

*

पीएचडी करणारा प्रसन्न एकदा खुशीत मला म्हणाला, "मॅडम, निष्कर्षांचं प्रकरण लिहून झालं. आता फक्त माणसं शोधायचीयत!"

माणसं शोधायला तो कसबा पेठेत गेला. एका म्हाताऱ्या तांबटासमोर त्याने प्रश्नावली धरली. विधान सरांच्या सिद्धांताचं आणि पर्याय दोनच: 'सहमत' आणि 'अत्यंत सहमत'.

तांबटाने हातोडी खाली ठेवली. "उत्तर तुम्ही घरनंच आणलंय की! मग मला कशाला उठवलंत?"

प्रसन्नने नोंद केली: 'अत्यंत सहमत'.

*

नसीम शेख मात्र वेगळी. तिचा विषय होता, सिग्नलला माणसं का थांबतात. कोथरूडच्या एका चौकात ती महिनाभर रोज सकाळी वही घेऊन उभी राहिली. ओळखीचे लोक तिला बघून खरंच ब्रेक मारायचे. एक सोडून. निरीक्षण क्रमांक एकेचाळीस.

"असा माणूस असूच शकत नाही," सर म्हणाले. "काढून टाक त्याला."

"सर, मी डोळ्यांनी पाहिलंय."

"डोळ्यांवर काय जातेस? सिद्धांतावर जा!"

तिचं सहावं वर्ष, शेवटची मुदतवाढही संपत आलेली. सरांची सही नाही, तर सगळी मेहनत पाण्यात. ग्रंथालयात येऊन ती रडली. "त्याला काढला तर मी खोटी, ठेवला तर सही नाही." मला सरांचा असा संताप आला!

शेवटी तिने एकेचाळीस नंबर प्रबंधाच्या शेवटी, परिशिष्टात टाकला. "परिशिष्ट कोण वाचतंय!" म्हणत सरांनी न वाचताच सही केली.

*

तोंडी परीक्षेला बाहेरून आलेले परीक्षक नेमकं परिशिष्टच वाचून आले होते. हॉल भरलेला. मी दुसऱ्या रांगेत.

"हे एकेचाळीस नंबरचे गृहस्थ ओळखीचे असून सिग्नल तोडतात. जरा सविस्तर सांगा पाहू."

नसीमने एकदा सरांकडे पाहिलं. मग वही उघडून वाचलं, "करडी स्कूटर. हेल्मेट डोक्यावर नाही, हँडलला. रोज दहा वाजून पाच मिनिटांनी. लाल दिवा असतानाच जातात. जाताना मला हात करतात."

सर ताडकन उठले.

"अहो, त्या वेळी उजवीकडून कुणी येतच नाही!"

परीक्षकांनी शांतपणे पेनाला टोपण लावलं.

"अभिनंदन, डॉक्टर शेख. फक्त, यांना परिशिष्टात का टाकलंत?"