ताईने आधी पाहिलं

विद्यापीठाचा इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोप तळघरात होता. रस्त्यावरून जड गाडी गेली तरी चित्र थरथरायचं, म्हणून तो जमिनीखाली नेऊन बसवलेला. सगळ्या विभागांत मिळून यंत्र एकच. ज्याची पाळी त्याने यायचं. कुणी पानाचा तुकडा आणायचं, कुणी बॅटरीतली भुकटी, कुणी उंदराचं मूत्रपिंड. यंत्र चालवणाऱ्या बाईंना सगळे ताई म्हणायचे, पिकल्या केसांचे प्राध्यापकसुद्धा.

घरीही ती ताईच. आईवडील गेल्यावर ती आणि धाकटा भाऊ, एवढंच घर उरलं होतं. भावाला स्नायू झिजत जाण्याचा आजार. कॉलेजात असताना जिन्यावर पाय लटपटायला लागले, मग चाकांची खुर्ची आली, पुढे हातातला पेलाही जड झाला. जीभ तेवढी शाबूत होती.

"दिवसभर एवढं बारीक बघतेस," तो म्हणायचा, "आणि भाजीत मीठ नाही ते काही तुला दिसत नाही."

एके दिवशी एक नवी संशोधक तळघरात आली. तिचं काम नेमकं याच आजारावर होतं. आजारी उंदरांना ती एक औषध देत होती आणि त्यांच्या स्नायूंचे तुकडे तपासायला आणत होती. पहिल्याच खेपेला पडद्यावर स्नायूंचे धागे बऱ्यापैकी सरळ दिसले. आपल्या भावाला हाच आजार आहे, हे ताईने संशोधकाला सांगितलं नाही, पण घरी गेल्यावर राहवलं नाही. सगळं सांगून टाकलं.

"म्हणजे आधी उंदीर पळणार, मग मी," भाऊ म्हणाला. हसलाही. तेव्हापासून ती दारात आली की प्रश्न ठरलेला. "काय म्हणतायत माझे उंदीर?"

औषध पूर्ण मुदत दिलेल्या उंदरांचे नमुने आले, तेव्हा त्यांचे काप ताईनेच काढले. जीव ओतून काढले. यंत्र सुरू केलं. पडद्यावर धागे चिंध्यांसारखे फाटलेले.

"जरा डावीकडे घ्या ना," संशोधक म्हणाली.

डावीकडे तेच. दुसऱ्या उंदराचा नमुना लावला, तिसऱ्याचा लावला. तेच.

"ताई, कापतानाच काही बिघडलं असेल का?"

हो म्हणावंसं वाटलं. एका शब्दाने आणखी थोडे दिवस मिळाले असते.

"नाही मॅडम," ती म्हणाली. "काप स्वच्छ आलाय."

संशोधकाने तोंडावर हात धरला. तेवढ्यात दारावरची घंटा वाजली. पुढची पाळी भुकटीवाल्याची होती. ताईने उंदराचा नमुना काढला आणि त्याचा लावून दिला.

घरी भावाने विचारलं. "अजून बघतायत," ती म्हणाली.

"ताई, पाणी दे गं," तो म्हणाला. त्यानंतर त्याने उंदरांचं नाव काढलं नाही. त्याने विचारावं म्हणून ती कधीकधी दारात उगाच रेंगाळायची. मीठ कमी पडलं तरी तो आता गप्प जेवायचा.

थंडीत त्याच्या छातीत कफ साठला. खोकून बाहेर टाकायची ताकद अंगात नव्हती. दवाखान्यात तो तिचा हात धरून होता, म्हणजे तिनेच त्याची बोटं आपल्या हातात मिटून धरली होती. त्यातच तो गेला.

ती कामावर परतली, तेव्हा संशोधकाला तिच्या भावाबद्दल कुणाकडून तरी कळलं होतं. औषधाचं काम केव्हाच बंद पडलं होतं आणि तिने दुसराच विषय घेतला होता.

"तुम्ही एका शब्दाने बोलला नाहीत," ती म्हणाली.

"बोलून उंदीर बरे झाले असते का?" ताईने विचारलं.

संशोधकाच्या हातात नव्या नमुन्यांची डबी होती. ताईने हात पुढे केला.

"द्या इकडे. तुमची वेळ चाललीये."