जिन्याच्या वळणावर

उत्तर कलकत्त्यातल्या त्या फायर स्टेशनात खाली बंब राहत आणि वर माणसं. बडदास्त बंबांची जास्त होती, हे सांगायला नकोच. वरच्या दोन मजल्यांवर बंबवाल्यांची बिऱ्हाडं होती आणि त्यांच्या मधोमध जिना जिथे वळायचा, तिथली हातभर जागा शकुन पडवळची होती. कागदावर नव्हे, पण घंटा झाली की तिथे दुसरं कुणी उभं राहत नसे.

शकुनचा नवरा गुरुदत्त या स्टेशनचा मुख्य साहेब. मूळचा कोल्हापूरकडचा. लढाईच्या वर्षांत पलटणीबरोबर फोर्ट विल्यमला आला, लढाई संपली तसा फायर ब्रिगेडात शिरला आणि इथलाच झाला. शकुनच्या जिभेवर मात्र बंगाली कधी नीट बसली नाही. तिनं तोंड उघडलं की बिऱ्हाडांतली पोरं आयांच्या पदराआड तोंड लपवून हसत.

स्वातंत्र्यानंतर दोनेक वर्षांनी एक नामुष्की झाली. घंटा वाजली, बंब गेले आणि त्यांना बघायला सगळ्या बायका नेहमीप्रमाणे गॅलरीत धावल्या. मागे कुणाच्या तरी पेटत्या शेगडीवर वाळत घातलेलं लुगडं पडलं. फायर स्टेशनलाच आग, आणि विझवायला दुसऱ्या स्टेशनचा बंब बोलवावा लागला. दिव्याखाली अंधार, दुसरं काय! पुढे महिनाभर बाजारातला मासेवालासुद्धा शकुनला विचारायचा, आज घरी आग नाही ना?

त्या संध्याकाळी गुरुदत्त जेवता जेवता म्हणाला, "आमच्यात एक नियम आहे. हुकूम देणाऱ्यानं पाइपाला हात लावायचा नाही. पाइप धरला की समोरची तेवढीच आग दिसते. बाकीचं कोण बघणार?"

शकुननं ते गाठीला बांधलं. दुसऱ्याच दिवशी तिनं कामं वाटून दिली. घंटा झाली की कुणी भांडी उतरवायची, कुणी शेगड्या गॅलरीत काढायच्या, कुणी पोरं गच्चीवर न्यायची. आपण स्वतः रिकाम्या हातांनी वळणावर उभं राहायचं. बायका कुजबुजल्याच: साहेबाची बायको ना, कामाला मागे, हुकमाला पुढे! पण हळूहळू त्यांना ते पटलं. खालच्या टेलिफोनच्या खोलीतून आलेली खबरही आधी वळणावर जाऊ लागली. शकुनच्या घरचं पातेलं समोरची सरला उतरवायची. ही बंबाच्या ड्रायव्हरची बायको, हाताची चपळ.

शकुनला त्या जागेचा तोरा होता, खोटं कशाला बोला. सासूसमोर जिचा ब्र निघत नसे, ती इथे नुसत्या बोटानं सगळी बिऱ्हाडं हलवत होती.

मग एका हिवाळ्यात भर दुपारी शहराबाहेर, बजबज गावात तागाच्या गुदामानं पेट घेतला. ताग पाणी प्यायला की फुगतो आणि भिंत बाहेर ढकलतो. म्हणून साहेबानं लांब उभं राहून भिंतीवर नजर ठेवायची असते. गुरुदत्त तसाच उभा होता. पण पुढच्या माणसाचा पाय घसरला, सुटलेला पाइप वेडावाकडा आपटू लागला आणि गुरुदत्तनं धावत जाऊन तो धरला. भिंतीकडे बघायला मग कुणीच उरलं नाही.

इकडे स्टेशनात उरलेला बंब मागवल्याची घंटा झाली. बायका भांडी उतरवत होत्या, तोच टेलिफोनवरचा माणूस जिना चढून वळणावर आला.

"भिंत पडली. साहेब तिच्याखाली सापडले. जिवंत आहेत, अँब्युलन्समधून इस्पितळात नेलंय."

शकुननं कठडा धरला. धावत सुटावं असं तिला वाटत होतं. पण वर शेगड्या पेटलेल्या होत्या. तिनं सरलाला हाक मारली.

"वरची भांडी उतरलीत. खालच्या टोकाची शेगडी अजून आत आहे. पोरं गच्चीवर. बाकीच्या माणसांची खबर यायची आहे. आता तू बघ."

सरलानं हातातलं शकुनच्याच घरचं पातेलं खाली ठेवलं आणि ती वळणावर आली. "तुमी जाओ, दिदी."

तेव्हा कुठे शकुन जिना उतरली, आणि उतरता उतरता मोठ्यानं रडली.

गुरुदत्तचा जीव वाचला, पाय गुडघ्याखाली गेला. "भिंतीकडे बघायचं काम माझं होतं," एवढंच तो म्हणायचा. ते खरंच असल्यामुळे कुणी त्याची समजूत घालत नसे.

नोकरी गेली, म्हणजे बिऱ्हाडही जाणार. ओळखीच्या एका मराठी कुटुंबानं भवानीपूरला दोन खोल्या बघून दिल्या. तळमजल्यावर, गुरुदत्तला चढायला नको म्हणून. ही दोघं अजून निघायचीच होती, तोवर नवा साहेब आलासुद्धा. त्याची बायको सुचित्रा, नुकतंच लग्न झालेली. शकुननं तिला चहा पाजला, भाजीवाला दाखवला; वळणाबद्दल मात्र अवाक्षर काढलं नाही. फजिती होऊ दे, मग कळेल, असं तिच्या मनात होतं.

निघायच्या दिवशी बोचकी बांधून झाली. शेगडीवर तेवढा शेवटचा भात होता. आणि घंटा झाली.

शकुन सवयीनं वळणावर जाऊन उभी राहिली. हातात डाव घेऊन सुचित्राही धावत आली आणि तिच्या शेजारी थबकली. खाली-वर बायका खोळंबल्या. हिच्याकडे बघावं की तिच्याकडे, कळेना. एक पोर रडत जिन्यात उभं होतं, त्याला कुणी उचलेना.

खोलीतून गुरुदत्तचा आवाज आला. "शकुन, एका आगीवर दोन साहेब नसतात."

शकुनला त्याचा राग आला, खूप आला. मग तिनं सुचित्राच्या हातातला डाव काढून घेतला.

"हात मोकळे ठेव. इथून हलू नकोस. पोरं आधी गच्चीवर."

ती वळण सोडून घरात आली. मागून सुचित्राचा घाबरा, पातळ आवाज ऐकू आला, आणि त्यापाठोपाठ गच्चीकडे धावणारी पावलं.

शेगडीपाशी सरला फडकं घेऊन वाकली होती.

"राहू दे," शकुन म्हणाली. "आज मी उतरवते."

घंटा झाल्यावर स्वतःचं पातेलं उतरवायची इतक्या वर्षांत तिची ही पहिलीच वेळ. फडकं घ्यायचं राहिलं आणि बोटं भाजली. गुरुदत्तनं खुर्चीतूनच पाण्याचा तांब्या पुढे केला.