खऱ्या चहाचं लग्न

आग्रिपिना त्सुर्कानच्या लेकीच्या लग्नात चहा होता. खराखुरा चहा. स्तेजारीत्सा गावात हे वाक्य आजही कुणी सरळ तोंडाने बोलत नाही. काही हसतात, काही थुंकतात. मला दोन्हींचा राग येतो, म्हणून तिची हकीकत सांगायची.

आग्रिपिनाचा बाप इरिमिया याने डोंगराच्या उतरणीवर द्राक्षाचे वेल लावले तेव्हा ती जमीन त्याची होती. पुढे कोलखोज, म्हणजे सरकारी सामुदायिक शेती, आला आणि उतरण सगळ्यांची झाली, म्हणजे कुणाचीच राहिली नाही.  स्वतःच्याच वेलांची छाटणी इरिमिया मजुरीवर करायला लागला, आणि पोरीला शेजारी उभं करून कुठला डोळा ठेवायचा, कुठला उडवायचा ते दाखवायला लागला. दुष्काळाच्या साली घरातली दोन भावंडं गेली. आग्रिपिना वाचली आणि त्या उतरणीवरच वाढली. तिथेच तिला तुदोस भेटला, तिथेच पोटुशी असताना ती टोपल्या वाहत होती. पुढे उतरणीवरच्या बायकांच्या तुकडीची मुकादम व्हायचं तर पक्षाचं सभासद व्हावं लागतं असं कळलं, तेव्हा ती पक्षातही गेली. मार्क्सबिर्क्स तिला काही ठाऊक नव्हतं. वेल ताब्यात राहावेत एवढीच तिची राजकीय भूमिका होती, आणि माझ्या मते कोलखोजात सर्वांत प्रामाणिक भूमिका तीच होती.

कोलखोजचा अध्यक्ष एफिम बोत्नारी तिचा कुमात्रू लागत होता. तिची लेक झिना जन्मली तेव्हा बाप्तिस्म्याला पोरीला हातात धरणारा धर्मबाप तोच, म्हणून तो तिचा कुमात्रू आणि ती त्याची कुमात्रा. पक्षाच्या माणसाने पाद्र्यासमोर उभं राहणं म्हणजे नोकरीवर पाणी. म्हणून तिघंचौघं नदीपलीकडच्या गावात चोरून गेली होती, आणि आल्यावर सगळ्यांनी तोंडाला कुलूप लावलं होतं. आमच्याकडे हे नातं सख्ख्या भावाच्याही वर मानतात. भाऊ नशिबाने मिळतो, कुमात्रू आपण निवडतो.

मग मॉस्कोत नवा माणूस आला आणि सुधारणा सुरू झाल्या. देशाची पुनर्रचना करायची होती आणि सुरुवात बाटलीपासून झाली. दारू बंद म्हणजे वाइनही बंद. वोडका पिऊन गटारात पडणारे उत्तरेत, आणि शिक्षा आमच्या द्राक्षांना! जिल्ह्यातून हुकूम सुटले: एवढे एवढे मळे उपटा, तिथे मका लावा. शिवाय लग्नं दारूविना करा.

आता दारूविना लग्न कसं करायचं हे गावाने एका महिन्यात शोधून काढलं. टेबलावर चहाच्या किटल्या मांडायच्या आणि त्यांत वाइन भरायची. पांढरी वाइन कपात चहासारखीच दिसते. जिल्ह्याचा माणूस येतो, किटल्या बघतो, खूश होऊन जातो. फार प्रेमाचा असला तर तोही दोन कप घेतो.

झिनाचं लग्न सुगीनंतर ठरलं. प्रत्येक तळघरात नवी वाइन फसफसत होती. तेव्हा एफिम आग्रिपिनाच्या स्वयंपाकघरात येऊन बसला.

"कुमात्रा, जिल्ह्याला एक नमुना हवाय. बिनदारूचं लग्न, फोटोसकट. तुझ्या घरचं दाखवू या."

"आणि माझ्या पोरीने कुणाचं घोडं मारलंय?"

"ऐकून तर घे. तुझी उतरण उपटायच्या यादीत आहे. मी एवढा नमुना दाखवला तर वरच्यांना म्हणू शकतो, माझं गाव आधीच पुढे गेलंय, उतरण सोडा."

आग्रिपिनाच्या हातातली सुरी थांबली. "सोडतील?"

"मी शब्द देतो. कुमात्रूचा शब्द. पण कुठे बोलू नकोस. वर कळलं की मी सौदे करतो, तर तुझी उतरणही जाईल आणि माझी खुर्चीही."

इथे आग्रिपिनाने जी चूक केली ती आमच्या गावात दुसऱ्या कुणीही केली नसती. तिने खरा चहा केला. तुदोस म्हणाला, "अगं, किटलीत आपली पांढरी ओतू. कोण बघतंय?" तर म्हणाली, "जिल्ह्याचा एखादा नाक खुपसेल आणि बापाचे वेल जातील. एक दिवस वाइनवाचून लोक मरत नाहीत." तुदोसने लेकीच्या लग्नासाठी राखून ठेवलेल्या पिंपाला तळघरात कुलूप लावलं.

लग्नाला सगळा गाव लोटला. सार्मालेचे टोप भरलेले, द्राक्षाच्या पानात गुंडाळलेला भात आणि डुकराचं मांस. पानं त्याच उतरणीवरची. किटल्या रांगेने. आग्रिपिनाच्या तुकडीतली दोम्निका, जिची जीभ कात्रीपेक्षा तेज, तिने शेजारणीला डोळा मारला, कप काठोकाठ भरला आणि उभी राहिली. "नवऱ्यामुलाला गोड आणि नवरीला त्याहून गोड संसार लाभो!" म्हणत एका दमात प्यायली. आणि तिचा चेहरा असा झाला की आधी लोकांना वाटलं, ठसका लागला.

"अगं बाई, हा तर चहा आहे!"

"दुसरी किटली बघ," कुणीतरी म्हणालं.

दुसरी बघितली, तिसरी बघितली. माणसं किटल्यांची झाकणं उघडून आत वाकून बघायला लागली. कुणी चिडलं नाही. सगळ्यांना वाटत होतं की खरा माल कुठेतरी असणारच, थोडं थांबू. तळघराच्या दारापाशी दोघंतिघं उगाच सिगारेट ओढत घुटमळत राहिले. संध्याकाळ झाली तेव्हा आशा संपली. अकॉर्डियनवाला म्हणाला, चहावर बोटं चालत नाहीत, आणि गेला. वाजंत्रीवाचून नाच मोडला. नवऱ्याकडच्या म्हाताऱ्यांनी, मेलेल्यांच्या नावाने जमिनीवर वाइनचे दोन थेंब सांडायची रीत असते, ती चहाने कुठल्या तोंडाने करायची म्हणून कप तसेच ठेवले. झिना पांढऱ्या झग्यात हसत बसली होती, आणि तिच्या मांडीवरचा रुमाल पिळून पिळून दोरी झाला होता.

वर्तमानपत्रवाल्याने फोटो काढले. जाताना एफिम आग्रिपिनाच्या कानाशी लागला. "खराच चहा? कुमात्रा, तू म्हणजे धन्य आहेस!" आणि इतका मनापासून हसला की तिलाही बरं वाटलं. तिला वाटलं, काम झालं.

पानं गळल्यावर ट्रॅक्टर आले. आधी कुठल्या मळ्याकडे वळतात ते बघायला बायका रस्त्यावर उभ्या होत्या. ते उतरणीकडे वळले. वेलांच्या बुंध्यांना साखळ्या घालून ओढायला सुरुवात झाली. हाताच्या मनगटाएवढी मुळं आवाज करत तुटत होती. आग्रिपिना धावत पुढच्या ट्रॅक्टरसमोर गेली.

"थांबव! चूक झालीय. अध्यक्षांना विचार!"

ट्रॅक्टरवाला झिनाच्याच लग्नात जेवून गेलेला. तो खाली न उतरताच म्हणाला, "बाई, अध्यक्षांनीच पाठवलंय. लग्नाच्या आधीपासून हे काम माझ्या नावावर आहे."

लग्नाच्या आधीपासून. ती बाजूला झाली. काय करणार?

त्याच आठवड्यात क्लबात सभा भरली. आता मोकळेपणाचा काळ, ज्याला जे बोलायचं ते त्याने उघड बोलावं, असं वर्तमानपत्रातून रोज सांगत होते. मंचावर लाल कापड घातलेल्या टेबलावर एक नवा टीव्ही ठेवला होता. एफिम उभा राहिला.

"मित्रहो, वाईट मलाही वाटतं. पण आपल्यातलीच एक बाई पुढे आली. स्वतःच्या लेकीचं लग्न तिने बिनदारूचं केलं, दाखवण्यापुरतं नाही, खरंखुरं. आणि नमुना म्हणून आपल्या तुकडीची उतरणही तिनेच द्यायचं मान्य केलं. आग्रिपिना, ये, हे बक्षीस घे!"

सभागृहातली प्रत्येक मान तिच्याकडे वळली. आग्रिपिना उठली. आवाज ठणठणीत निघाला.

"खोटं आहे! यानेच शब्द दिला होता, की लग्न असं केलंस तर उतरण वाचेल. म्हणून केलं मी!"

 दोम्निका हसली. तिच्या मागून सगळी रांग हसली.

"शब्द दिला होता म्हणे! अगं, तुला काही मिळणार नव्हतं तर पोटच्या पोरीच्या लग्नात खरा चहा कोण पाजतं? आम्ही काय दूधखुळ्या आहोत? टीव्ही घे आणि गप बस."

आग्रिपिनाने एफिमकडे पाहिलं. तो तिच्याचकडे बघत होता, आणि त्याच्या नजरेत भीती नव्हती. कुठल्या पाद्र्यासमोर, कुणाच्या साक्षीने हे नातं जुळलं ते ती सांगू शकत होती. त्याची खुर्ची तिथल्या तिथे गेली असती. पण झिनाचा नवरा आंद्रिआन शाळेत मास्तर होता, आणि बायको बाप्तिस्मा झालेली म्हटल्यावर त्याचीही चौकशी लागली असती. एफिमने हे सगळं धरूनच शब्द मोडला होता. ती खाली बसली. सख्ख्या वैऱ्यानेही तिला इतकं नीट ओळखलं नसतं.

टीव्ही तिने घेतला नाही. दुसऱ्या दिवशी कोलखोजच्या गाडीने तो तिच्या ओट्यावर आणून ठेवला, सगळ्या गल्लीच्या देखत. तुकडीतल्या बायकांनी उपटलेले बुंधे सरपणाला वाटून घेतले. तिच्या दारी कुणी गाडी थांबवली नाही. मुकादमकी राहिली, पण मुकादमकी कशाची, तर मक्याची. दोम्निका तिला तोंडावर "नमुना" म्हणायला लागली. हे सगळं तिने गिळलं. तुदोसला माहीत आहे, झिनाला माहीत आहे, एवढं घरातलं सत्य पुरे, असं ती स्वतःला सांगत होती.

थंडी पडल्यावर एका रविवारी झिना सासरहून आली. दोघी मिळून प्लाचिंते, म्हणजे सारण भरलेल्या पोळ्या, लाटत-भाजत होत्या. झिना बराच वेळ सासरच्या गमती सांगत होती. मग पिठाचे हात पुसत, आईकडे न बघता म्हणाली,

"आई, रागावू नकोस. तिकडचे सारखे विचारतात, मलाही काही सांगता येत नाही. उतरण जाणार हे तुला लग्नाआधी माहीत होतं का?"

आग्रिपिना तिच्याकडे बघतच राहिली. "नाही," ती म्हणाली.

"बरं," झिना पटकन म्हणाली, आणि आईच्या पाठीवरून हात फिरवला. म्हातारं माणूस काही कबूल करत नसलं की त्याला दुखवू नये म्हणून फिरवतात, तसा. आग्रिपिनाला तो हात कळला. तव्यावरची पोळी करपून गेली तरी तिने ती उलटली नाही.