पाण्याची नळी उजळली

३ एप्रिलला काजव्याच्या खात्यात पगाराखेरीज सहा हजार दोनशे पन्नास रुपये जमा झाले. बक्षीस होतं. त्याच्या हातची ताजी खेप कारखान्यातली आजवरची सर्वांत तेजस्वी ठरली होती.

काजवा हे नाव सहकाऱ्यांनी पाडलेलं. तरुणपणी तो रंगाच्या दुकानात गिऱ्हाइकाला हवी ती छटा कालवून द्यायचा. मग कृत्रिम डीएनएचे तुकडे घडवणाऱ्या कारखान्यात लागला आणि तिथेच त्याचे केस पिकले. रोगाचा विषाणू शोधून काढणारे हे तुकडे. एका टोकाला चकाकणारा रंग, दुसऱ्या टोकाला ती चमक गिळून टाकणारा शामक. विषाणू सापडला की तुकडा तुटतो, रंग शामकापासून सुटतो आणि उजेड पडतो. काजवा नव्या माणसांना सांगायचा, "सासूशेजारी बसलेली सून समजा. सासू उठून गेली की बोलायला लागते."

तुकडा बारीक मण्यांवर कडी कडी जोडत वाढतो. शामक मण्यांवर आधीच असतो, रंग सगळ्यात शेवटी लावायचा. रंगाला उजेड सोसत नाही, म्हणून काजव्याच्या खोलीत मिणमिणता दिवा असे आणि रंगाच्या नळ्या फॉइलमध्ये गुंडाळलेल्या. शामकाला उजेडाची भीती नसते. पण काजवा ताकही फुंकून पिणारा. शामकाचे जांभळे मणी आणि शामक नसलेले साधे पांढरे मणी, दोन्हींच्या नळ्या तो स्वतःच्या हाताने फॉइलमध्ये गुंडाळी आणि जागेवरून ओळखी.

मे महिन्यात एका सकाळी थोरल्या भावाचा फोन आला. "मूत्रपिंड मिळतंय. हिला घेऊन निघालोय. तू ये."

वहिनी या घरात आली तेव्हा काजवा शाळेत होता आणि आई नुकतीच गेली होती. त्याला न्हाऊमाखू घालण्यापासून त्याचं लग्न लावून देईपर्यंत सगळं तिनेच केलं. आता तीन वर्षं ती आठवड्यातून दोनदा रक्त शुद्ध करणाऱ्या यंत्राला जोडली जात होती. काजवा दवाखान्यात पोचला तेव्हा ती खाटेवर बसून नवऱ्याला झापत होती.

"चष्म्याचं घर आणलं, चष्मा घरी. भावजी, तुमच्या भावाला आधी तपासायला सांगा."

तेवढ्यात प्रयोगशाळेतल्या बाई आल्या. शस्त्रक्रियेआधी रक्तात एक विषाणू नाही ना, हे बघावं लागतं. त्या भावाला बाजूला घेऊन म्हणाल्या, "दोनदा चाचणी लावली. यांची नळी उजळते. पण ताडून बघायला सोबत लावलेली नुसत्या पाण्याची नळीसुद्धा उजळते. अशा निकालावर डॉक्टर हात लावणार नाहीत. एक वाजेपर्यंत खात्री झाली नाही तर मूत्रपिंड यादीतल्या पुढच्या माणसाला जाईल."

काजव्याच्या लगेच लक्षात आलं. पाण्यात विषाणू नसतो, तुकडा तुटायचं कारणच नाही. पाणी उजळतं म्हणजे तुकड्यावर शामकच नाही.

"चाचणीची पेटी दाखवता?"

पेटीवर त्याच्याच खेपेचा क्रमांक होता.

"आधीच्या खेपेची आहे का एखादी?"

"संपली."

तो कुणाशी न बोलता खाली आला आणि समोर दिसली त्या टॅक्सीत बसला. कारखान्याच्या फाटकाशी खिसे चाचपले, तर पाकीट वहिनीच्या खाटेवर राहिलेलं. रखवालदार म्हणाला, "जा तुम्ही, मी बघतो."

प्रत्येक खेपेची एक नळी शीतकपाटात राखून ठेवलेली असते. काजव्याने दोन नळ्यांची फॉइल सोलली. जुन्या खेपेच्या नळीच्या तळाशी वाळलेला कण जांभळट होता. बक्षिसाच्या खेपेचा पिवळाधमक. कुणी फॉइल उलगडली असती तर नुसत्या डोळ्यांना दिसलं असतं. पण उलगडायची नाही, अशी शिस्त त्यानेच लावली होती. तुकड्यांचं वजन बघून शामक आहे की नाही सांगणारं यंत्र तेव्हा दुरुस्तीला गेलेलं, म्हणून फक्त चमक मोजली आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

कारखान्याचे साहेब मागे येऊन उभे होते.

"साहेब, मी साधे मणी लावले. यावर शामक नाही."

"हळू बोल. आधी वरच्यांना विचारू."

"वहिनी टेबलावर जायची खोळंबलीय. मला जुन्या खेपेची पेटी द्या."

साहेब पिवळ्या कणाकडे बघत राहिले. "हा माल किती दवाखान्यांत गेलाय?"

"अकरा."

साहेबांनी जुनी पेटी काढून दिली, स्वतःची गाडी दिली आणि एकेका दवाखान्याला फोन लावायला घेतला.

काजवा पोचला तेव्हा एक वाजून गेला होता. बाईंनी तरीही चाचणी लावली. पाण्याची नळी काळी. वहिनीची नळी काळी. तिच्या रक्तात काही नव्हतं.

"मग आता?" भावाने विचारलं.

"दुसऱ्या पेशंटला आत घेतलंय," बाई म्हणाल्या. "तुमचं नाव यादीत आहे तिथेच राहील."

काजव्याने खाटेपाशी दोघांना सगळं सांगितलं, मण्यांपासून फॉइलपर्यंत, आणि तो भिंतीला टेकून उभा राहिला.

वहिनी म्हणाली, "लहानपणी दप्तरसुद्धा तीनदा बांधायचात. तेव्हाच एक गाठ सोडायला हवी होती मी." तिने पलीकडे तोंड फिरवलं. "पाकीट घ्या तुमचं. आणि यांना घरी न्या."

यंत्राचे वार पूर्ववत सुरू झाले. अकराही दवाखान्यांतून पेट्या परत आल्या. भाऊ अजून काजव्याशी बोलत नाही.

टॅक्सीचे एकशे ऐंशी रुपये रखवालदाराने भरले होते. ते अजून द्यायचे आहेत.