हेल्मुटकाकांनी उतरवलेला कोट

हेल्मुटकाका गेले. त्यांच्या एकाही सिनेमाचं नाव तुम्ही ऐकलेलं नसणार.

पुण्याहून जॉबसाठी ब्रिस्टलला आले तेव्हा मी त्यांच्या घरातली वरची खोली भाड्याने घेतली. जर्मन माणूस. तरुणपणी बर्लिनमध्ये एक्सपेरिमेंटल सिनेमांत कामं केलेली. मग एका ब्रिटिश बाईच्या प्रेमात पडून इथे आले.

कामं कसली?
एका सिनेमात अख्खा वेळ बटाटे सोलतायत. दुसऱ्यात फक्त पाठ दिसते.
"पाठीने अ‍ॅक्टिंग करणं सगळ्यात कठीण," हे अगदी सीरियसली सांगायचे.

इंग्लंडमध्ये मात्र त्यांना एकच रोल ऑफर व्हायचा. नाझी ऑफिसर.
दरवेळी नाही म्हणायचे.

बायको गेल्यावर एकदा हो म्हणाले. "घर खायला उठतं गं. काहीतरी काम हवं."

कॉश्च्यूम ट्रायलला मी लंडनला सोबत गेले. कोट घालून ते आरशासमोर उभे राहिले.
"परफेक्ट!" कॉश्च्यूमवाली म्हणाली.
काकांचा चेहरा पांढरा पडला. एकेक बटण काढलं, कोट हँगरला लावला आणि सरळ बाहेर आले.

"आरशात माझे वडील होते," एवढंच म्हणाले.
आम्ही तशीच ब्रिस्टलची बस पकडली.

पुढे युनिव्हर्सिटीतल्या एका मुलीने शॉर्ट फिल्मसाठी विचारलं. टेबलाशी दोन माणसं, दोघांनी आपापल्या भाषेत बोलायचं. सबटायटल्स नाहीत.
दुसरं माणूस म्हणून काकांनी मला धरलं.

"अहो काका, मला अ‍ॅक्टिंग येत नाही!"
"मस्त. मग करू नकोस."

कॅमेरा सुरू झाला आणि मी बाबांबद्दल बोलायला लागले. ते गेले तेव्हा मला वेळेत पोचता आलं नव्हतं. इथे कुणालाच सांगितलं नव्हतं.
काकांना मराठीचा एक शब्द कळत नव्हता. पण ते असे ऐकत होते, की मी थांबूच शकले नाही.
मग ते जर्मनमध्ये बोलले. खूप वेळ.

काय बोललात, हे ना त्यांनी मला विचारलं, ना मी त्यांना.

पबच्या वरच्या खोलीत स्क्रीनिंग झालं. जेमतेम दहा-बारा माणसं. एक म्हातारी बाई येऊन काकांचा हात धरून म्हणाली, "काही कळलं नाही. पण पुन्हा दाखवाल का?"

दाखवली. पहिल्यापासून. काका मागे उभे राहून लहान मुलासारखे खूश.

या सोमवारी काका हॉस्पिटलमध्ये शांतपणे गेले.

काका, तुमच्यासोबत एक सिनेमा केला, याचा फार अभिमान वाटतो.
या आता. मनापासून नमस्कार.