धाकटीचा कोसा

येनाच्या ओल्या पानांचा वास आला की आंबागडचा डोंगर आठवतो. बाबा हंगामभर तिथेच राहून येनाच्या झाडांवर कोसा रेशमाच्या अळ्या राखायचे. घरचं मरण कानावर येऊन राखणाऱ्याला सुतक लागलं तर अळ्या मरतात, असं आमच्याकडे मानत. म्हणून धाकटी बहीण तापाने गेली त्याच्या दुसऱ्याच दिवशी मायने भाताचा डबा माझ्या हाती दिला आणि डोळे पुसत म्हणाली, "बाबाले काही सांगू नोको." वर पोचल्याबरोबर बाबांनी विचारलं, "उतरला काय तिचा ताप?" मी म्हटलं, "उतरला." त्यांनी हसून अळीने विणलेला पहिला कोसा, तो टणक कोष, माझ्या तळहातावर ठेवला. "तिले खेळाले दे. पाखरू निघते यातून." तो मी घरी एका डबीत बंद करून ठेवला. पाखरू निघालंच नाही. अजूनही कोसा हलवला की आत ते खुळखुळतं.